आमचे दाढीवाले बुवा

आपल्या विद्यालयाच्या वार्षिकासाठीं एखादा लेख लिहून पाठवावा, अशी संपादक मंडळाची सूचना आली, तेव्हां परदेशांत राहणाऱ्या जुन्या विद्यार्थ्यानें काय लिहावें ह्याचा मी बरेच दिवस विचार करीत होतों. सिडनी शहराचें वर्णन लिहावें, तर तें पुस्तकांतून हवें तेवढें वाचावयास मिळतें. स्वतःच्या नोकरीविषयीं लिहावें, तर तींत वाचकांस गोडी वाटण्याजोगें फारसें कांहीं नाहीं. अखेरीस मनांत आलें कीं, आमच्या घरीं राहणाऱ्या एका सरड्याविषयींच लिहावें. विषय क्षुल्लक वाटेल. परंतु गेल्या कांहीं वर्षांत मला जें थोडेंसें शहाणपण आलें असेल, तें ह्या प्राण्याच्या शेजारीं बसून आलेलें आहे. आणि ह्या कथेचा आरंभ आपल्याच शाळेच्या कुंपणापाशीं झालेला असल्यामुळें ती येथें सांगणें अप्रस्तुत होणार नाहीं.

माझ्या वेळीं मैदानाच्या कडेनें कडूमेंदीचें दाट कुंपण होतें. मधल्या सुटींत डबा खाऊन झाला कीं, आम्ही कांहीं मुलें त्या कुंपणावरच्या सरड्यांना दगड मारावयास जात असूं. सरडा लांबूनच माणसाचें रक्त शोषून घेतो व म्हणून त्याची मान लाल होते, असा आमच्यांत पक्का समज होता. विणीच्या हंगामांत नराचें डोकें व खांदे आपोआप लाल होतात, ही साधी गोष्ट आम्हांपैकीं कोणास ठाऊक नव्हती, आणि ती विचारून घेण्याची इच्छाही नव्हती. माझा नेम चांगला होता. एके दिवशीं माझ्या दगडानें एक सरडा कुंपणावरून खालीं पडला व उताणा होऊन पाय हालवूं लागला. मुलांनीं टाळ्या पिटल्या. तेवढ्यांत शाळेचे म्हातारे माळी पाण्याची झारी घेऊन तेथून चालले होते. ते थांबले, त्या सरड्याकडे पाहिलें, आणि रागावण्याऐवजीं मला एवढेंच म्हणाले, “बाळ, त्यानें तुझें काय केलें होतें?” मी हंसलों, कारण उत्तर नव्हतें. घंटा झाली आणि आम्ही वर्गांत पळालों.

ह्या गोष्टीस पुष्कळ वर्षें लोटलीं. २०१९ च्या आरंभीं नोकरीनिमित्त मी कुटुंबासह सिडनीस आलों. मुलगा त्या वेळीं आठ वर्षांचा होता, आणि त्याचा सारा जीव पुण्यास राहणाऱ्या आपल्या आजीवर होता. निघतांना विमानतळावर तो तिचा पदर सोडीना. तेव्हां मीं त्यास वचन दिलें कीं, पुढच्या वर्षीं आंब्यांच्या दिवसांत आपण आजीकडे नक्की यावयाचें. परंतु मार्च २०२० मध्यें महामारीमुळें ऑस्ट्रेलियाच्या सीमा बंद झाल्या, त्या पुढें दीड वर्षाहून अधिक काळ मोकळ्या झाल्या नाहींत. वचन मोडलें ह्यांत माझा दोष नव्हता, आणि मुलासही तें समजत होतें. माझा दोष निराळाच होता. एप्रिल २०२१ मध्यें माझी आई आजारी पडली व तिला इस्पितळांत न्यावें लागलें. रोज संध्याकाळीं मुलगा विचारी, “आजी कशी आहे?” आणि मी सांगत असें, “बरी आहे. उद्यां तुझ्याशीं बोलेल.” तिला बोलण्याइतका श्वासच उरलेला नाहीं, हें मला ठाऊक होतें. ज्या रात्रीं तो माझ्या शब्दावर विसंबून निश्चिंत झोंपीं गेला, त्याच रात्रीं ती गेली. आणि तें त्याला सांगावयास मला आणखी दोन दिवस लागले.

तो माझ्यासमोर रडला नाहीं. एवढेंच म्हणाला, “मग तुम्ही रोज काय सांगत होतां?” त्या दिवसापासून माझा शब्द आमच्या घरांत चालेनासा झाला. मी म्हणावें, “आज पाऊस पडेल,” तर तो खिडकीशीं जाऊन आभाळाकडे पाही. मी म्हणावें, “रविवारीं समुद्रावर जाऊं,” तर तो हळूच आईकडे जाऊन विचारी, “खरेंच का?” त्यानें कधीं उलट उत्तर दिलें नाहीं, कधीं अवज्ञा केली नाहीं. दार लोटलेलें असावें आणि कडी मात्र आंतून लावलेली असावी, तसें त्याचें माझ्याशीं वागणें होतें. बापास ह्यापरतें शासन नाहीं.

अशा दिवसांत त्यानें माझ्याकडे बऱ्याच काळानें एक वस्तु मागितली. त्याच्या वर्गांत कोणी एक दाढीवाला सरडा दाखवावयास आणला होता; तसाच त्याला पाळावयास हवा होता. सरड्याचें नांव निघतांच माझ्या अंगावर शहारा आला. परंतु मागणारा कोण व किती दिवसांनीं मागतो आहे, हें मनांत येऊन मीं होकार दिला. खरें सांगावयाचें, तर त्या होकारांत प्रेमापेक्षां लांच अधिक होती. मुलाची मर्जी विकत मिळते, असें मला अजून वाटत होतें.

ह्या प्राण्याविषयीं थोडें सांगितलें पाहिजे. हा मूळचा मध्य व पूर्व ऑस्ट्रेलियाच्या कोरड्या, रेताड मुलखांतला. शास्त्रांत ह्याचें नांव ‘पोगोना विटिसेप्स’. त्यांतील पहिल्या शब्दाच्या मुळाशीं दाढी ह्या अर्थाचा ग्रीक शब्द आहे. ह्याचें पहिलें शास्त्रीय वर्णन अर्न्स्ट आल ह्या जर्मन प्राणिशास्त्रज्ञानें १९२६ सालीं केलें. नाकापासून शेपटीच्या टोंकापर्यंत लांबी दीड ते दोन फूट, त्यांत निम्म्याहून अधिक शेपूटच. आणि गळ्याखालीं मऊ कांट्यांची एक पिशवी. राग आला किंवा भीति वाटली, म्हणजे ती पिशवी फुगते व कोळशासारखी काळी होते. तीच त्याची दाढी. पालीची तुटलेली शेपटी पुन्हा येते, तशी ह्याची येत नाहीं. जें गेलें तें कायमचें गेलें. आपल्या कुंपणावरचा सरडा व हा, दोघेही एकाच कुळांतले आहेत. म्हणजे एकमेकांचे चुलतभाऊच म्हणावयाचे. न्यू साउथ वेल्स प्रांतांत असे देशी सरपटणारे प्राणी पाळावयाचे, तर सरकारचा परवाना लागतो, व रानांतला प्राणी धरून आणतां येत नाहीं. तेव्हां परवाना काढून, जानेवारी २०२२ मध्यें एका परवानाधारक गृहस्थाकडून दोन वर्षांचा एक नर आम्हीं घरीं आणला. त्याची ती दाढी व ती गंभीर मुद्रा पाहून मुलानें त्याचें नांव ‘बुवा’ ठेवलें. आणि एकदां बुवा म्हटल्यावर अहोजाहो आपोआपच आलें.

बुवा आले ते रुसूनच आले. पहिल्या घरीं लहान मुलांनीं त्यांची शेपटी ओढून व पाठ धरून त्यांना पुष्कळ छळलें होतें. चार फूट लांबीची कांचेची पेटी आम्हीं त्यांच्यासाठीं सिद्ध केली होती. तिच्या एका टोंकास दिव्याखालीं सुमारें चाळीस अंश ऊब, दुसऱ्या टोंकास पंचवीसच्या सुमाराची थंड सांवली. म्हणजे हवें तेव्हां तापावें, हवें तेव्हां निवावें. सरड्याच्या रक्ताला स्वतःची ऊब नसते. ती त्याला बाहेरून घ्यावी लागते, आणि ऊब मिळाली नाहीं तर खाल्लेलें अन्नही पचत नाहीं. ह्याखेरीज अतिनील किरणांचा एक निराळा दिवा लागतो. तो नसेल तर अंगांत ‘ड’ जीवनसत्त्व तयार होत नाहीं व हाडें मऊ पडतात. खिडकींतून येणाऱ्या उन्हावर भागत नाहीं, कारण साधी कांच ते किरण अडविते. एवढी सारी सरबराई करून आम्ही पेटीपुढें उभे राहिलों, तों बुवांनीं दाढी काळी केली, जबडा उघडला, आणि एका दगडामागें जाऊन ते दिसेनासे झाले.

मुलानें मात्र ह्या विषयाचा आधींच अभ्यास केलेला होता. त्यानें एका वहींत नियम लिहून काढले व ती वही पेटीशेजारीं ठेविली. पहिला नियम असा कीं, आठवडाभर कोणीं हात लावावयाचा नाहीं. नुसतें जवळ बसावयाचें. दुसरा असा कीं, हात कधींही वरून आणावयाचा नाहीं. ह्याचें कारण मोठें मौजेचें आहे. ह्या सरड्याच्या टाळूवर एक बारीक टिकलीसारखी खूण असते; तो त्याचा तिसरा डोळा होय. त्या डोळ्यास रूप दिसत नाहीं. उजेड आणि छाया एवढेंच कळतें. रानांत त्याचा मृत्यु बहुधा आकाशांतून येतो, ससाण्याच्या किंवा घारीच्या रूपानें; म्हणून डोक्यावर छाया पडली कीं, ती मायेच्या हाताची आहे कीं नखांची, हें पाहावयास तो थांबत नाहीं. तिसरा नियम, रोज ठराविक वेळींच जावयाचें. आणि चौथा नियम मला फार आवडला: ‘त्यांनीं आपल्याकडे यावें, आपण त्यांना आणूं नये.’

त्याप्रमाणें मुलगा रोज शाळेंतून आल्यावर पेटीशीं बसून मोठ्यानें धडा वाची. दुसऱ्या आठवड्यांत त्यानें स्वतः वापरलेला एक जुना सदरा पेटींत ठेविला. कारण हे प्राणी जीभ लावून वास ओळखतात. तिसऱ्या आठवड्यांत तो पेटीच्या तळाशीं आपला हात उताणा ठेवून पंधरा पंधरा मिनिटें निश्चळ बसूं लागला. एकदां बुवांनीं एक पुढचा पाय उचलून हवेंत सावकाश फिरविला. आम्हांला वाटलें, नमस्कार करीत आहेत, आणि आम्ही सर्व आनंदानें हंसलों. मुलानें पुस्तक उघडून पाहिलें व त्याचा चेहरा उतरला. तो म्हणाला, “हा नमस्कार नव्हे. मी लहान आहें, मला मारूं नका, असें ते सांगत आहेत.” मग आम्हांपैकीं कोणी हंसलें नाहीं.

महिन्याभरानें बुवांनीं चिमट्यानें पुढें धरलेला रातकिडा घेतला. पुढें कांहीं दिवसांनीं मुलाच्या बोटांतून भोपळ्याचा कीस खाल्ला. अजाण पिल्लाला किडे अधिक लागतात. वयांत आलेल्या बुवांना भाजीपाला अधिक लागतो. मग एके दिवशीं त्यांनीं एक पाय त्याच्या तळहातावर ठेविला, थोडा वेळ तसेंच थांबले, आणि पाय काढून घेतला. मुलगा धांवत स्वयंपाकघरांत आला व आईला सांगूं लागला. मी शेजारींच उभा होतों. परंतु बातमी तिला मिळाली.

आतां माझ्या हातून घडलेली चूक सांगतों. मार्च महिन्यांत एके संध्याकाळीं मुलगा मित्राकडे गेला होता आणि पेटी झाडावयाचें काम मीं पत्करलें होतें. मला एका सभेस जावयाचें होतें, आणि उशीर झाला होता. बुवा दगडावरून हालेनात. चौथा नियम मला ठाऊक होता, दुसराही ठाऊक होता. परंतु घाई झालेल्या माणसास नियम दुसऱ्यांसाठीं असतात. मीं झांकण उघडलें, वरून हात घातला, आणि पाठीस धरून त्यांना उचललें. तत्क्षणीं त्यांचें अंग माझ्या मुठींत ताठलें. दाढी काळीठिक्कर पडली, तोंड उघडें राहिलें, आणि त्यांतून फूत्कारासारखा आवाज आला. मी दचकलों, ते हातांतून निसटून पेटींत पडले व कोपऱ्यांत जाऊन कांचेवर नखें घासूं लागले. इजा झाली नव्हती. मीं पेटी झाडली, झांकण लावलें व सभेस गेलों.

रात्रीं परत आलों, तों मुलगा पेटीशीं बसलेला. बुवांची दाढी अजून काळी होती. त्यानें विचारलें, “काय झालें?” माझ्या जिभेवर उत्तर तयार होतें: कांहीं नाहीं, उगीच घाबरले असतील. तें उत्तर मीं गिळलें, परंतु खरें उत्तरही दिलें नाहीं. मी गप्प राहिलों. तो म्हणाला, “तुम्हांला घाई होती.” त्याच्या स्वरांत राग नव्हता. माझ्याविषयीं जें त्याला आधींच ठाऊक होतें, तेंच पुन्हा एकदां अनुभवास आलें, एवढाच त्याचा अर्थ. पुढें सहा आठवडे बुवांनीं कोणाच्याही हातून कांहीं खाल्लें नाहीं. दोन महिन्यांची त्याची तपश्चर्या माझ्या अर्ध्या मिनिटांत बुडाली होती.

दुसऱ्या दिवशीं मीं मुलाची क्षमा मागितली. तो म्हणाला, “मला सांगून काय उपयोग? त्यांना सांगा.” मीं म्हटलें, “त्यांना मराठी कोठें कळतें?” तेव्हां अकरा वर्षांच्या त्या मुलानें जें उत्तर दिलें, तें मी अजून विसरलों नाहीं. तो म्हणाला, “म्हणूनच. त्यांना आपण काय बोलतों तें कळत नाहीं. आपण रोज काय करतों तेंच कळतें.”

मी कामावर जातांना वाटेंत त्या शब्दांचा विचार करीत राहिलों. माणसाच्या मुलाला भाषा कळते, म्हणून आपण त्याला शब्द देऊन मोकळे होतों. जनावराशीं ती सोय नाहीं. त्याच्यापुढें वचन देतां येत नाहीं. तें पाळूनच दाखवावें लागतें. मीं ठरविलें कीं, रोज संध्याकाळीं साडेसहा वाजतां घरीं यावयाचें आणि पेटीशीं अर्धा तास बसावयाचें. कोणास तसें सांगितलें नाहीं, कारण माझें सांगणें ही एक स्वस्त वस्तु झाली होती. पहिले कांहीं दिवस बुवा मला पाहतांच दगडामागें जात. मी हात उताणा ठेवून बसत असें. मुलगा येई, पाही, निघून जाई. कांहीं दिवसांनीं तो आपली गणिताची वही घेऊन शेजारीं बसूं लागला. आम्ही बोलत नसूं. मे महिन्याच्या मध्यास, एके संध्याकाळीं, बुवा दगडामागून बाहेर आले, माझ्या बोटाला जीभ लावून पाहिली, आणि नंतर एक एक पाय टाकीत सबंध माझ्या तळहातावर येऊन बसले. त्यांचें पोट दिव्याच्या उबेनें कढत झालेलें होतें. माझी छाती धडधडत होती. पण मीं हात हालूं दिला नाहीं. मुलानें वहींतून मान वर केली. “हळू,” तो म्हणाला. तो शब्द माझ्यासाठीं होता.

दक्षिण गोलार्धांत जून महिन्यांत हिंवाळा लागतो. जूनच्या आरंभीं बुवांचें खाणें एकाएकीं तुटलें. ते अंधाऱ्या कोपऱ्यांत तोंड घालून पडून राहत. हात लावला तरी डोळा उघडीत ना उघडीत. हिंवाळ्यांत हे सरडे आठवडेच्या आठवडे निजून काढतात, असें मुलानें वाचलें होतें. परंतु पुस्तकांत वाचणें वेगळें आणि आपल्या घरचा प्राणी तसा पडलेला पाहणें वेगळें. एके रात्रीं तो माझ्या खोलीच्या दाराशीं येऊन उभा राहिला. त्यानें आईला हाक मारली नाहीं. तो म्हणाला, “बाबा, बुवा मरणार आहेत का? खरें सांगा.”

“छे रे, बरे होतील,” हे शब्द माझ्या ओठांपर्यंत आले होते. ते इतके सवयीचे होते कीं, थांबविण्यास श्रम पडले. मीं म्हटलें, “मला ठाऊक नाहीं. ते निजले असावेत असें वाटतें. पण मलाही भीति वाटते आहे. उद्यां सकाळीं पशुवैद्यांकडे जाऊं, आणि ते जें सांगतील तें तूं स्वतः तेथें उभा राहून ऐक.” तो कांहीं वेळ माझ्याकडे पाहत राहिला. मग म्हणाला, “बरें.” आणि जाऊन निजला. आईला विचारावयास गेला नाहीं.

पशुवैद्यांनीं बुवांना तपासलें, वजन केलें. तें ४१० ग्रॅम भरलें. ते मुलाला म्हणाले, “दर आठवड्यास वजन करून लिहून ठेव. तें फारसें उतरलें नाहीं, तर ही नुसती हिंवाळ्याची झोंप समजावी. झपाट्यानें उतरलें, तर लगेच घेऊन ये.” परत येतांना आम्ही मोटारींत बसलों. बुवांची पेटी त्याच्या मांडीवर होती. मी गाडी सुरू करणार, तों तो म्हणाला, “आजी शेवटीं काय म्हणाली?” सव्वा वर्षानें हा प्रश्न आला होता. मीं किल्ली फिरविली नाहीं. सर्व सांगितलें: मी तेथें नव्हतों; तिच्या तोंडावर प्राणवायूचा मुखवटा होता; परिचारिकेनें दूरध्वनि तिच्या कानाशीं धरला होता; तिला बोलतां आलें नाहीं; मीं तुझें नांव घेतलें तेव्हां तिनें डोळे उघडले, असें परिचारिका म्हणाली. तुला खोटें कां सांगितलें, तेंही सांगितलें: तुझ्या दुःखापेक्षां तुझें दुःख पाहावें लागेल ह्याचीच मला भीति अधिक होती. तेव्हां तो रडला. पेटी सांभाळीत, खालीं मान घालून, पुष्कळ वेळ रडला. आणि मीही रडलों. बुवा निजलेले होते.

बुवा ऑगस्टच्या अखेरीस जागे झाले. तीन महिन्यांत त्यांचें वजन अवघें पंधरा ग्रॅम उतरलें होतें. दर रविवारचा आंकडा वहींत लिहिलेला आहे, त्यांत एक आड एक रविवार माझ्या अक्षरांत. जागे झाल्यावर त्यांनीं पहिला घास मुलाच्या हातचा घेतला, आणि तेंच योग्य होतें.

हा प्राणी आमच्यावर प्रेम करतो, असें म्हणण्याचें धाडस मी करणार नाहीं. तो मंदबुद्धीचा आहे, असें म्हणणेंही बरोबर नाहीं. एका सरड्यानें सरकतें दार उघडलेलें पाहून दुसरा त्याचें अनुकरण करून तेंच दार उघडतो, असें ह्याच जातीवरील प्रयोगांत दिसून आलें आहे. २०१६ सालीं जर्मनींतील माक्स प्लांक संस्थेच्या शास्त्रज्ञांनीं ह्याच्या मेंदूचें निरीक्षण करून दाखविलें कीं, आपल्या झोंपेंत जशा गाढ व चंचल अशा दोन अवस्था असतात, तशा ह्याच्याही झोंपेंत असतात. तेवढ्यावरून त्याच्या मनांत काय चालतें हें सांगतां येत नाहीं. मी इतकेंच म्हणेन कीं, माझा हात पेटींत आला असतां आतां त्यांची दाढी काळी होत नाहीं. ह्या हातापासून अपाय होत नाहीं, असें त्यांच्या हिशेबीं शेंकडों वेळां जमा झालें आहे, व एकदां खर्ची पडलें आहे. विश्वास म्हणजे बहुधा हा असाच हिशेब असावा. जमेस थेंब थेंब पडतो; खर्चास घागर उपडी होते.

पुढच्या वर्षीं वसंतांतल्या सुटींत आम्ही मोटारीनें पश्चिमेकडे ब्रोकन हिल गांवीं गेलों. सिडनीपासून तें सुमारें साडेअकराशें किलोमीटर दूर आहे. कोबार गांव मागें पडल्यावर जमीन तांबडी होत जाते, झाडें खुरटी होतात, आणि मैलोगणती माणूस दिसत नाहीं. विल्कॅनियाच्या पुढें मुलगा एकदम ओरडला, “थांबा!” रस्त्याकडेच्या तारेच्या कुंपणाच्या खांबावर एक दाढीवाला सरडा ऊन खात बसला होता. त्याचा रंग त्या वाळलेल्या लांकडासारखाच होता. आम्ही दहा पावलांवर उभे राहिलों. मीं सहज एक पाऊल पुढें टाकलें, तों मुलानें माझी बाही धरली. “हे आपले नव्हेत,” तो म्हणाला, “ह्यांना आपली ओळख करून घ्यावयाचें कांहीं कारण नाहीं.” त्यानें आमच्याकडे एक डोळा फिरवून पाहिलें व पुन्हा उन्हाकडे तोंड केलें. आपल्याकडे म्हणतात, सरड्याची धांव कुंपणापर्यंत. त्या अफाट माळावर ती म्हण मला निराळी वाटली. ती धांव त्याची नव्हे. कुंपण आपण घातलें, आणि तो बिचारा त्यावर बसून तेवढ्यांतही ऊन शोधतो.

डिसेंबर २०२३ मध्यें आम्ही पुण्यास आलों, तेव्हां मुलाला घेऊन आपली शाळा पाहावयास आलों होतों. मैदानाच्या एका बाजूस आतां भिंत झाली आहे. परंतु कडूमेंदीच्या कुंपणाचा थोडा भाग अजून शिल्लक आहे. सकाळच्या कोंवळ्या उन्हांत त्यावर एक सरडा बसलेला होता, आणि मान खालींवर करून तो जागा आपली असल्याचें जगास बजावीत होता. “बुवांचे चुलतभाऊ,” मुलगा हंसून म्हणाला. मग मीं त्याला ती गोष्ट सांगितली. कुंपण, दगड, टाळ्या, सर्व. न सांगतां चाललें असतें. त्याच्या नजरेंतून आपण पुन्हा उतरूं, ही भीति मनांत होतीच. परंतु दडवून ठेविलेल्या गोष्टींचा मला आतां कंटाळा आला होता. त्यानें सर्व ऐकून घेतलें आणि विचारलें, “त्यानें तुमचें काय केलें होतें?”

माळीदादांचाच प्रश्न, अक्षर न् अक्षर. ह्या खेपेस मी हंसलों नाहीं. मीं म्हटलें, “कांहीं नाहीं.” तो थोडा वेळ गप्प उभा राहिला, मग त्यानें आपला हात माझ्या हातांत दिला. आतां तो तेरा वर्षांचा होण्यास आला होता. त्या वयांत मुलें सहसा असा हात देत नाहींत.

विद्यार्थिमित्रहो, हें वाचून तुम्हीं कोणी सरडा धरून घरीं न्यावा, असा माझा हेतु मुळींच नाहीं. रानचा प्राणी रानांतच सुखी असतो. आणि पाळलेल्याची सेवाही सोपी नाहीं, त्याला स्पर्श केल्यावर दर वेळीं साबणानें हात धुवावे लागतात, नाहीं तर पोटाचे विकार जडतात. माझी विनंती लहानशी आहे. मधल्या सुटींत एखादे दिवशीं त्या कुंपणापाशीं जा. दहा पावलांवर उभे राहा, हातांत कांहीं घेऊं नका, आणि दहा मिनिटें हालूं नका. प्रथम तो पलीकडे सरकेल. दुसऱ्या दिवशीं पुन्हा जा, त्याच वेळीं. कदाचित् आठवड्यानें तो तुम्हांला पाहूनही जागच्या जागीं बसून राहील. एवढेंच होईल, अधिक कांहीं नाहीं. परंतु त्या दिवशीं घरीं गेल्यावर तुमच्यावर कोणाचा विश्वास आहे, आणि तो कशावर टिकून आहे, ह्याचा क्षणभर विचार करा. मला तो विचार सुचावयास फार उशीर लागला.